वैज्ञानिक 'संशयी' असतो का?

प्रश्न असा आहे. एका शिक्षिकेने विज्ञान दिनाच्या भाषणात लिहिलं, 'वैज्ञानिक हा स्वभावाने संशयी असला पाहिजे.' मुख्याध्यापकांनी 'संशयी' खोडून तिथे 'चिकित्सक' घातलं. बाईंचं म्हणणं, न्यायशास्त्रात, म्हणजे प्राचीन भारतीय तर्कशास्त्रात, संशयाला मानाचं पान आहे, मग मराठीत त्याने काय घोडं मारलं? आणि चिकित्सक म्हणजे तर पानात वाढलेल्या प्रत्येक पदार्थाला नाक मुरडणारा. तो वैज्ञानिकाला कसा शोभेल?

खोडणाऱ्यांचा कान बरोबर आहे, पण त्यांच्या शब्दाने काम अर्धंच होतं.

कोशाकडे वळण्याआधी या शब्दांसोबत कोणती क्रियापदं नांदतात ते पाहू. शंका येते, संशयही येतो. इथवर दोघं जुळी भावंडं. पण शंका विचारता येते आणि संशय विचारता येत नाही. धडा संपला की बाई म्हणतात, 'कोणाला काही शंका?' तिथे 'कोणाला काही संशय?' म्हणून बघा. वर्गात कुणाचं तरी पेन चोरीला गेलंय असंच वाटेल. घेण्याच्या बाबतीतही असंच. शंका बहुधा कशा'बद्दल' तरी घेतात, संशय कुणा'वर' तरी. नोकरावर, नवऱ्यावर, शेजाऱ्यावर. गणिताच्या तिसऱ्या पायरीबद्दल शंका असू शकते, तिसऱ्या पायरीवर संशय कुणी घेत नाही. शिवाय 'शंकित' असतो तो ज्याच्या मनात शंका आहे तो, आणि 'संशयित' असतो तो पोलिसांनी ताब्यात घेतलेला.

देवलांच्या 'संशयकल्लोळ'मधला फाल्गुनराव आठवा. हाती येईल ती गोष्ट त्याला बायकोविरुद्धचा पुरावाच वाटते. निकाल आधी लागलेला, साक्षीदार मागाहून गोळा करायचे. मराठी माणसाच्या कानात 'संशयी' म्हटलं की हा गृहस्थ उभा राहतो, आणि विज्ञानात ज्याला थारा नसावा असा माणूस नेमका हाच.

आता बाईंचा मुद्दा. संस्कृतात संशय खरोखरच प्रतिष्ठित होता. गौतमाच्या न्यायसूत्रांत सोळा पदार्थांची, म्हणजे विचाराच्या विषयांची, यादी आहे, तिच्यात प्रमाण (जाणण्याचं साधन) आणि प्रमेय (जाणायची गोष्ट) यांच्यामागोमाग तिसरा संशय येतो. त्याचं नेहमीचं उदाहरण म्हणजे अंधूक उजेडात लांबवर काहीतरी उभं दिसतं, ते झाडाचं खोड की माणूस? त्यावरच्या वात्स्यायनभाष्यात म्हटलंय की जे मुळात कळलेलंच नाही तिथे न्याय, म्हणजे तर्काने केलेली तपासणी, प्रवृत्त होत नाही, जे ठरून गेलंय तिथेही नाही. तो प्रवृत्त होतो 'संशयित' अर्थाच्या ठिकाणी. गंमत पाहा, इथे संशयित आहे तो विषय. आज तोच शब्द कोठडीत जाऊन बसलाय.

उलट 'शंक्' धातूत भीतीची छटा आहे: काही वाईट तर होणार नाही ना, ही धास्ती. 'आशंका' शब्दात ती अजून दिसते. मराठीत दोघांनी जागा बदलल्या. शंका निवळली, सभ्य झाली, शाळेत जाऊ लागली, आणि संशय घरातल्या भांडणांत अडकला. जुन्या वाटणीच्या खुणा मात्र नकाराच्या शब्दांत शिल्लक आहेत. 'निःशंक मनाने जा' म्हणजे न घाबरता जा. 'हे निःसंशय खरं आहे' म्हणजे तर्काने पक्कं आहे. ही अदलाबदल का झाली असेल? गीतेतलं 'संशयात्मा विनश्यति' पिढ्यान्‌पिढ्या कानावर पडत राहिलं, त्याचा यात हात असावा असा माझा कयास. (अपवाद न्यायालयाचा. आरोपी 'संशयाचा फायदा' मिळून सुटतो तेव्हा तो संशय पुराव्याबद्दलचा असतो. कायद्याच्या मराठीने न्यायशास्त्राचा अर्थ सांभाळला, नकळत का होईना.)

भाषण विज्ञान दिनाचं आहे, तर त्याच दिवसाच्या मानकऱ्यावर हे शब्द घासून पाहू. १९२१ साली सी. व्ही. रामन इंग्लंडहून 'नारकुंडा' बोटीने परत येत होते. भूमध्य समुद्राचा तो गडद निळा रंग त्यांनी पाहिला. ब्रिटिश भौतिकशास्त्रज्ञ लॉर्ड रेले यांचं मत असं होतं की खोल समुद्राची निळाई पाण्याची नसून पाण्यात दिसणाऱ्या आकाशाची आहे. आता दोन वाक्यं लिहा. 'रामनना रेलेंचा संशय आला.' 'रामनना रेलेंच्या स्पष्टीकरणाबद्दल शंका आली.' पहिल्या वाक्यात रेलेंनी बोटीवरून काहीतरी लांबवलंय. दुसऱ्यात विज्ञान आहे.

आणि शंका आल्यावर रामननी केलं काय? त्यांच्याजवळ निकोल प्रिझम होता. पाण्याच्या पृष्ठभागावरून एका ठराविक कोनात परावर्तित होणारा प्रकाश ध्रुवीकृत, म्हणजे एकाच दिशेत कंप पावणारा, असतो, आणि प्रिझम योग्य तेवढा फिरवला की तो अडवता येतो. म्हणजे पाण्यावरचं आकाशाचं प्रतिबिंब तेवढं पुसून टाकायचं आणि खाली काय उरतं ते बघायचं. निळा रंग त्याच्याबरोबर गेला असता तर रेले बरोबर ठरले असते, आणि ते ठरायला या तपासणीत पूर्ण वाव होता. रंग गेला नाही, उलट आणखी खुलला. 'नेचर'ला पाठवलेल्या टिपणाखाली बोटीचं नाव, मुंबई बंदर आणि २६ सप्टेंबर ही तारीख आहे. पाण्याचे रेणूच प्रकाशाचं विकिरण करतात, म्हणजे तो विखुरतात, या विचाराचा पाठपुरावा करत २८ फेब्रुवारी १९२८ चा रामन परिणाम (विखुरलेल्या प्रकाशातल्या थोड्या भागाचा रंग बदलतो, हा शोध) हाती आला. समुद्राच्या निळाईचं त्यांचं उत्तर मात्र पुढे तेवढ्यावर राहिलं नाही. पाणी तांबडा प्रकाश शोषून घेतं, याला आज जास्त महत्त्व देतात. रेलेंच्या उत्तराबद्दल शंका काढता येते तशी रामनच्याही.

राहिला 'चिकित्सक'. जिज्ञासा, मीमांसा आणि चिकित्सा हे शब्द व्याकरणाने एकाच साच्यातले. हिंदीत चिकित्सा म्हणजे औषधोपचार, बस. मराठीने तो अर्थ जिल्हा शल्यचिकित्सकापुरता ठेवला आणि दुसरा वाढवला: बारकाईने पारखणं. ग्रंथाची चिकित्सा होते, दाव्याची होते, मंडईत भेंडीचीही होते. अतिरेक झाला की तोच शब्द टोमणा बनतो, म्हणून बाईंना नाक मुरडणारा आठवला. माझी अडचण वेगळी आहे. चिकित्सा करायला वस्तू आधी समोर लागते, आणि काहीतरी खटकल्यावर आपण ती समोर घेतो. ते खटकणं या शब्दात येत नाही. प्रिझम फिरवणं ही चिकित्सा, पण प्रिझम डोळ्याला लावावासा वाटणं ही शंका. संस्कृतात 'विचिकित्सा' हा शब्द होता, त्याचा अर्थच शंका. कठोपनिषदात नचिकेता यमाला विचारतो, मेल्यावर माणूस उरतो की नाही याबद्दल लोकांत जी विचिकित्सा आहे तिचं काय? मराठीने तो शब्द घेतला नाही, आणि आता कुणी आणलाच तर श्रोते बोलण्यातली चूक समजतील.

मग 'शंका'चंच विशेषण का करू नये? इथे मराठी आपल्याला अडवते. शंका विचारणं चांगलं, पण विचारणाऱ्याला आपण म्हणतो शंकेखोर, फार झालं तर शंकासुर. (दशावतारातला वेद पळवणारा संकासूर वेगळा, तो मूळचा शंखासुर.) शंकेला मान देऊन शंका काढणाऱ्याला एकही बरं विशेषण आपण ठेवलेलं नाही, आणि हा निव्वळ योगायोग आहे असं मला वाटत नाही.

म्हणून विशेषणाचा नाद सोडा आणि वाक्य क्रियापदावर तोला: 'वैज्ञानिकाला शंका येते, आणि आली की तो ती तपासून पाहतो, स्वतःच्या उत्तराबद्दल आली तरीही.' मुख्याध्यापकांचा मान राखायचाच असेल तर 'चिकित्सक वृत्तीचा' असं लिहा. 'वृत्ती' जोडली की भेंडीही मागे पडते आणि जिल्हा रुग्णालयही.