५ १/४ मधून २ ५/६ कसे वजा करावेत?

या वजाबाकीत ४ आणि ६ हे छेद वेगवेगळे असल्यामुळे आधी त्यांचा लसावि, म्हणजे १२, हा समान छेद घ्यावा. तसे केल्यावर १/४ चे ३/१२ आणि ५/६ चे १०/१२ होतात, आणि उदाहरण ५ ३/१२ − २ १०/१२ असे दिसू लागते.

खरी अडचण इथेच येते, कारण ३ मधून १० वजा होत नाहीत. अनेक विद्यार्थी अशा वेळी उलट १० मधून ३ वजा करून ३ ७/१२ असे चुकीचे उत्तर लिहितात. त्याऐवजी ५ मधला १ सुटा करावा आणि तो १२/१२ या रूपात ३/१२ मध्ये मिळवावा, म्हणजे ५ ३/१२ चे ४ १५/१२ होतील. हा सुटा केलेला १ म्हणजे दहा नव्हेत, तर बारा बारांश आहेत. पूर्णांकांच्या वजाबाकीत दहा घेण्याची सवय असल्यामुळे ३ चे १३ करण्याची चूक फार सहज होते. आता ४ − २ = २ आणि १५/१२ − १०/१२ = ५/१२, म्हणून उत्तर २ ५/१२.

दोन्ही संख्या अंशाधिक अपूर्णांकांत बदलूनही हेच मिळते: ६३/१२ − ३४/१२ = २९/१२.

उत्तर तोंडीही पडताळता येते. सव्वापाचातून पावणेतीन गेले तर अडीच उरतात. २ ५/६ ही संख्या पावणेतीनपेक्षा १/१२ ने मोठी आहे, त्यामुळे उत्तर अडीचपेक्षा तेवढेच कमी, म्हणजे २ ५/१२ यायला हवे.