हंगामाआधी व्हॅक्यूम पंप, गेज आणि लीक डिटेक्टर: वाचकांच्या प्रश्नांची उत्तरे

वातानुकूलन यंत्रणांच्या कामाचा हंगाम तोंडावर आला की बंद ठेवलेली साधने बाहेर निघतात आणि त्यांच्याबद्दलचे प्रश्नही येऊ लागतात. या वेळच्या बहुतेक प्रश्नांच्या मुळाशी एकच अडचण आहे: गेजवर दिसणारा आकडा यंत्रणेचा आहे की आपल्याच साधनांचा, हे तंत्रज्ञाला ठरवता येत नाही. म्हणून प्रत्येक साधन यंत्रणेला न जोडता, एकटे कसे तपासावे, यावर पुढील उत्तरांत भर दिला आहे.

प्रश्न: माझा दोन टप्प्यांचा व्हॅक्यूम पंप काही महिने वापरात नव्हता. आता तो १,२०० मायक्रॉनच्या खाली जातच नाही. पंप दुरुस्तीला पाठवावा का?

इतक्यात पाठवू नका. मायक्रॉन हे व्हॅक्यूममध्ये उरलेल्या दाबाचे एकक आहे; आकडा जितका कमी, तितका व्हॅक्यूम खोल. १,२०० हा आकडा पंप, होज, मॅनिफोल्ड (होज जोडण्याचा व्हॉल्व्हचा संच) आणि गेज या सगळ्यांचा मिळून आलेला आहे. पंपाची खरी स्थिती कळायची असेल तर मायक्रॉन गेज थेट पंपाच्या तोंडाशी, आखूड धातूच्या जोडणीने लावावा, बाकीची तोंडे टोपी लावून बंद करावीत आणि मगच पंप सुरू करावा.

मात्र त्याआधी तेल बदला. रोटरी व्हेन प्रकारच्या पंपात तेल वंगणाचे काम करतेच, शिवाय पाती आणि सिलिंडरची भिंत यांच्यामधील फट तेच बंद करते. यंत्रणेतून ओढलेली आर्द्रता या तेलात मिसळते आणि दाब पुरेसा कमी झाला की तेलातूनच पुन्हा वाफ होऊन बाहेर पडू लागते. असा पंप स्वतःच्याच तेलातले पाणी उपसत बसतो आणि आकडा एका जागी अडकतो.

पंप दहा-पंधरा मिनिटे चालवून गरम करा आणि तेल पातळ झाल्यावर पंप किंचित कलता ठेवून ते पूर्ण काढून घ्या. निघालेले तेल पारदर्शक भांड्यात उजेडाकडे धरून पाहण्याची सवय फार उपयोगाची आहे. ते दुधाळ दिसले तर त्यात पाणी आहे. काळपट असून उग्र वास येत असेल तर आधीच्या एखाद्या जळालेल्या कॉम्प्रेसरमधील आम्ल त्यात उतरले आहे असे समजावे. नवे तेल भरून मिनिट-दोन मिनिटे पंप चालवावा, तेल काढावे आणि निघणारे तेल भरलेल्या तेलासारखेच स्वच्छ दिसेपर्यंत हे पुन्हा करावे. शेवटच्या भरण्यात तेलाची पातळी पंप चालू असताना काचेतील खुणेशी जुळवावी.

यानंतर सुस्थितीतील दोन टप्प्यांचा पंप काही मिनिटांत १०० मायक्रॉनच्या खाली, बहुधा ५०च्याही खाली जातो. पंपावर छापलेला १५ किंवा २५ मायक्रॉनचा आकडा आदर्श परिस्थितीतला असतो. तो तंतोतंत गाठला नाही म्हणून पंप नादुरुस्त ठरत नाही. तरीही आकडा काही शेकड्यांवर अडला, तर तोंडाची ओ-रिंग, तेल काढण्याच्या बुचाचा वॉशर आणि गॅस बॅलास्टची घुंडी पाहा. ही घुंडी उघडी राहिल्यामुळे ‘बिघडलेले’ ठरलेले पंप कमी नसतात. सुरुवातीला, हवेत ओल असताना, बॅलास्ट उघडा ठेवणे योग्यच आहे, कारण थोडी हवा आत घेऊन पंप वाफेचे तेलात पाणी होऊ देत नाही. पण खोल व्हॅक्यूमसाठी तो बंद केलाच पाहिजे. हे सगळे झाल्यावरही फरक पडला नाही, तरच पाती झिजल्याचा संशय घ्यावा.

प्रश्न: तेल किती दिवसांनी बदलावे, आणि कॉम्प्रेसरचे उरलेले तेल पंपात चालेल का?

दिवसांचा हिशेब येथे लागू पडत नाही. ओल शिरलेली किंवा कॉम्प्रेसर जळालेली यंत्रणा उपसली असेल तर त्याच दिवशी, पंप गरम असतानाच तेल बदलावे. स्वच्छ कामांमध्ये वर सांगितलेली बंद तोंडाची चाचणी करत राहावे आणि आकडा चढू लागला की बदलावे. कॉम्प्रेसरचे तेल चालणार नाही. आजच्या बहुतेक यंत्रणांतील पॉलिओल एस्टर तेल हवेतील ओल झपाट्याने शोषते, आणि पंपाला तर बाष्पदाब अत्यंत कमी असलेले तेल लागते. इंजिन ऑइलमध्ये मिसळलेली रसायने याच कारणाने नडतात. नव्या तेलाची बाटलीही झाकण घट्ट लावूनच ठेवावी, आणि काढलेले तेल गटारात न ओतता वापरलेल्या तेलाच्या संकलनाकडे द्यावे.

प्रश्न: एकाच यंत्रणेवर माझा गेज ३५० मायक्रॉन दाखवतो आणि सहकाऱ्याचा ९००. कोणावर विश्वास ठेवावा?

आधी दोन्ही गेज कुठे लावले होते ते पाहा. पंपाजवळचा गेज नेहमीच यंत्रणेतील खऱ्या दाबापेक्षा कमी आकडा दाखवतो, कारण होजमधला अडथळा त्याच्या पलीकडे असतो. गेज पंपापासून शक्य तितका दूर, यंत्रणेच्या बाजूलाच हवा. दोघांच्या जागा बदलून पाहिल्यावर कमी आकडा जागेबरोबर राहिला तर दोष गेजचा नाही.

दोन्ही गेज एकाच जोडणीवर, नवे तेल भरलेल्या पंपाशी लावूनही आकडे जुळले नाहीत, तर संवेदक मळल्याची शक्यता मोठी आहे. बहुतेक इलेक्ट्रॉनिक मायक्रॉन गेज तापवलेल्या संवेदकातून सभोवतालचा वायू किती उष्णता काढून नेतो यावरून दाब ठरवतात. त्या संवेदकावर तेलाचा पातळ थर बसला की हे मोजमाप बिघडते. वातावरणाचा दाब सुमारे ७,६०,००० मायक्रॉन असतो हे ध्यानात घेतले तर ३५० आणि ९०० हे दोन्ही आकडे त्याच्या एक टक्क्याच्या आठव्या हिश्श्याच्याही आत बसतात; एवढ्या सूक्ष्म मोजणीत तेलाचा एक थेंबसुद्धा पुरेसा होतो.

निर्मात्याच्या पुस्तिकेत मनाई नसेल तर स्वच्छतेसाठी शुद्ध आयसोप्रोपिल अल्कोहोल वापरावे. गेज उलटा धरून तोंडात काही थेंब सोडावेत, हलक्या हाताने हलवावे, ओतून टाकावे आणि अल्कोहोल स्वच्छ निघेपर्यंत असे करावे. आत कापसाची काडी, ब्रश किंवा तार घालू नये, कारण आतली तार किंवा मणी अतिशय नाजूक असतो. थिनर आणि पेट्रोलही वर्ज्य. नंतर गेज पूर्ण वाळू द्यावा. ओला गेज लावल्यास अल्कोहोलच्या वाफेमुळे आकडा बराच वेळ वर राहतो आणि साफसफाईनेच गेज बिघडला असा समज होतो.

काम करताना गेज उभा, तोंड खाली करून लावला तर तेल आत ओघळत नाही. यंत्रणेत शीतक वायू, म्हणजे गॅस, भरण्यापूर्वी व्हॉल्व्हने तो वेगळा करावा. काही गेज यंत्रणेचा दाब सहन करतात, सगळे नाहीत.

प्रश्न: गेज थेट पंपावर लावला तर ४० मायक्रॉन येतात, पण होज आणि मॅनिफोल्ड जोडले की यंत्रणा न जोडताही ६००च्या खाली जात नाही.

पंप आणि गेज दोन्ही निर्दोष आहेत हे आपणच सिद्ध केले आहे. आता पंपापासून एकेक भाग वाढवत जा: आधी फक्त होज, टोक बंद करून, मग व्हॉल्व्ह कोर (यंत्रणेच्या जोडणीच्या तोंडातील स्प्रिंगची छोटी झडप) काढण्याचे साधन, मग मॅनिफोल्ड. ज्या भागानंतर आकडा उडी मारतो तोच दोषी. बहुधा तो होजच्या टोकातील चपटा झालेला रबरी वॉशर असतो. सगळे वॉशर आणि ओ-रिंग हंगामाच्या सुरुवातीलाच बदलून टाकावेत, आणि बसवताना बोटाला लागेल एवढेच पंपाचे तेल लावावे. फ्लेअर जोडणीच्या आट्यांवर टेप गुंडाळून काही साधत नाही, कारण ती जोडणी आट्यांवर नव्हे, शंकूच्या पृष्ठभागावर बंद होते.

गॅस भरण्याचे होज व्हॅक्यूमसाठी वापरूच नयेत, असे माझे मत आहे. त्यांच्या रबरात मुरलेले तेल आणि गॅस व्हॅक्यूममध्ये तासन् तास निघत राहतात. व्हॅक्यूमसाठी आखूड, जाड होजचा वेगळा जोड ठेवावा. सुरुवातीच्या दाट प्रवाहात होजची वहनक्षमता आतील व्यासाच्या चौथ्या घाताने वाढते. म्हणजे पाव इंचाऐवजी तीन अष्टमांश इंच आतील व्यासाचा होज घेतला तर, लांबी तीच असताना, ती सुमारे पाचपट होते. दाब खूप उतरल्यावर हा फायदा थोडा कमी होतो, पण संपत नाही. व्हॉल्व्ह कोर न काढता मोठा पंप लावणे मात्र व्यर्थ आहे.

प्रश्न: व्हॉल्व्ह बंद करून पंप वेगळा केल्यावर आकडा ५०० वरून चढतो. ही गळती समजावी की ओल?

आकडा चढून कुठे तरी स्थिरावत असेल तर ओल किंवा तेलात विरघळलेला गॅस. न थांबता सारखा चढत राहिला तर गळती. निदान दहा-पंधरा मिनिटे पाहावे. हीच चाचणी आधी फक्त होजच्या जोडावर केलेली असावी, नाहीतर आपल्याच वॉशरची गळती यंत्रणेच्या नावावर मांडली जाते.

थंडीत मात्र हा नियम फसवू शकतो. २५ अंश सेल्सिअसला पाण्याचा बाष्पदाब सुमारे २३,८०० मायक्रॉन असतो, तर शून्य अंशाला जेमतेम ४,६००. थंड नळीतले पाणी संथपणे निघते, आणि वेगाने उपसल्यास त्याचा बर्फही होतो. बर्फातून वाफ फार हळू सुटते, त्यामुळे काही वेळ आकडा समाधानकारक दिसतो आणि यंत्रणा तापल्यावर ओल पुन्हा प्रकट होते. अशा वेळी कोरडा नायट्रोजन सोडून व्हॅक्यूम मोडावा, शक्य तेथे कॉइल आणि कॉम्प्रेसरचा तळ ऊबदार करावा आणि पुन्हा उपसावे.

प्रश्न: दमट दिवसांत माझा लीक डिटेक्टर जिकडे-तिकडे वाजतो, आणि कोरड्या दिवसांत खऱ्या गळतीवरही गप्प राहतो. सेन्सर बदलावा का?

कोणत्या प्रकारचा डिटेक्टर आहे हे आपण लिहिलेले नाही, आणि उत्तर त्यावर अवलंबून आहे. तापलेल्या डायोडच्या डिटेक्टरमध्ये सेन्सर वापरागणिक झिजतो. गॅसच्या मोठ्या झोताने आणि तेलाने तो लवकर निकामी होतो, आणि त्याचे आयुष्य तासांत मोजलेले असते. अवरक्त किरणांचा सेन्सर तसा झिजत नाही, पण तापमान किंवा ओल अचानक बदलली की खोटा इशारा देऊ शकतो. थंड खोलीतून बाहेरच्या दमट हवेत आणलेला डिटेक्टर काही मिनिटे चालू ठेवून स्थिरावू द्यावा.

दोन्ही प्रकारांत सर्वांत स्वस्त आणि सर्वांत दुर्लक्षित भाग म्हणजे टोकातील फिल्टर. तो तेलाने किंवा पाण्याने भिजला की नमुन्याची हवा आत पोहोचतच नाही, आणि डिटेक्टर गप्प राहतो. म्हणून आधी फिल्टर बदला, मग प्रमाणित गळतीच्या कुपीवर, म्हणजे ठराविक दराने गॅस सोडणाऱ्या कुपीवर, तपासा. त्यानंतरही प्रतिसाद नसेल तर सेन्सर बदलावा. सिलिंडरचा व्हॉल्व्ह उघडून त्यासमोर डिटेक्टर धरणे ही चाचणी नव्हे: तेवढ्या झोताला मरणासन्न सेन्सरही वाजतो, चांगला सेन्सर गुदमरतो आणि गॅस हवेत जातो तो वेगळाच. युरोपीय संघाच्या २००७ सालच्या गळती-तपासणी नियमांत हातातील डिटेक्टरची संवेदनशीलता वर्षाला किमान ५ ग्रॅम असावी आणि तो दर १२ महिन्यांनी तपासला जावा, अशी अट घातली होती. तो नियम लागू असो वा नसो, प्रत्येकाने एवढा दंडक पाळावा.

गप्प राहण्याचे कारण पुष्कळदा हाताळणीतही असते. फ्लेअर नट तपासताना टोक त्याच्या खालच्या बाजूने, सुमारे पाच मिलिमीटर अंतर ठेवून, सेकंदाला दोन-तीन सेंटिमीटर इतक्या सावकाश फिरवावे, कारण बहुतेक गॅस हवेपेक्षा जड असल्यामुळे खाली उतरतात. पंखे बंद करावेत. वाजला की टोक बाजूला नेऊन स्थिरावू द्यावे आणि त्याच जागी पुन्हा आणावे. लागोपाठ तीनदा तिथेच वाजला तरच ती जागा खरी धरावी, आणि साबणाच्या फेसाने खात्री करावी. पुष्कळ डिटेक्टर सभोवतालची पातळी स्वतःहून शून्य धरतात, त्यामुळे टोक एका जागी धरून ठेवल्यास गळती असूनही आवाज बंद होतो.

प्रश्न: आर-३२ आणि आर-२९० या शीतक वायूंसाठी हीच साधने चालतील का?

साधनावर त्या वर्गाच्या गॅससाठी प्रमाणित असल्याची नोंद असेल तरच. दोन्ही ज्वालाग्राही आहेत, आर-२९० अधिक. ठिणगी पडणारा स्विच असलेला जुना पंप किंवा तापलेल्या सेन्सरचा जुना डिटेक्टर तेथे नेऊ नये. डिटेक्टरच्या पुस्तिकेतील गॅसची यादीही पाहावी. हॅलोजनयुक्त गॅससाठी बनवलेल्या डिटेक्टरला प्रोपेन, म्हणजे आर-२९०, जाणवेलच असे नाही.

प्रश्न: हंगाम संपल्यावर साधने ठेवताना काय करावे?

पंपाचे तेल ठेवण्यापूर्वी बदलावे. काढताना बदलू असे म्हणणाऱ्यांच्या पंपात ओल आणि आम्ल महिनोन् महिने धातू खात बसतात. नवे तेल भरून, तोंड बंद करून पंप काही मिनिटे चालवावा म्हणजे आतल्या भागांवर स्वच्छ थर बसतो. मग सगळ्या टोप्या लावाव्यात. होज गुंडाळताना टोके बंद करावीत. गेज आणि डिटेक्टरमधील साध्या बॅटऱ्या काढून ठेवाव्यात. लिथियम-आयन बॅटरी साधारण अर्धी भारित करून ठेवावी.

पुन्हा सुरू करताना हवा थंड असेल तर पंप आधी ऊबदार जागी ठेवावा. घट्ट तेलामुळे मोटर अडखळते, आणि त्यात एक्स्टेन्शनची तार लांब व बारीक असली तर व्होल्टेज पडून ती सुरूच होत नाही. तेव्हा दोष पंपाला लावण्याआधी तार बदलून पाहावी. शेवटची बंद तोंडाची चाचणी किती मायक्रॉनवर थांबली तो आकडा आणि तारीख पंपावर चिकटपट्टीने लिहून ठेवली, तर पुढच्या वेळी तुलना करायला पहिला आकडा हाताशी असतो. गेज आणि डिटेक्टरवरही अनुक्रमे साफसफाईची आणि फिल्टर बदलल्याची तारीख तशीच लिहावी.