खालच्या लीगला नाही म्हणण्याआधी

चिरंजीव,

तुझं पत्र मिळालं. पत्र कसलं, रात्री पावणेदोनला व्हॉट्सॲपवर टाकलेले सात मेसेज. सकाळी रंकाळ्यावर फिरताना वाचले आणि दोन फेऱ्या त्यातच गेल्या. मोबाइलवर एवढं लांब उत्तर मला जमत नाही, म्हणून कागदावर लिहून नातवाकडून टाइप करून घेतोय. चुका सापडल्या तर त्याच्या.

मला समजलं ते असं. मोठ्या क्लबाचा करार आहे, हॉस्टेल आहे, जेवण चांगलं आहे, फिजिओ आहे. फक्त खेळ नाही. अख्ख्या हंगामात अकरा मिनिटं. आता एक श्रेणी खालचा क्लब तुला स्टॉपर, म्हणजे बचावातला मधला खेळाडू म्हणून घ्यायला तयार आहे आणि तू म्हणतोस, "सर, तिकडे गेलो तर पेठेत लोक म्हणतील, पोरगं उतरलं."

पेठेतले लोक काय म्हणतात ते मी पन्नास वर्षं ऐकतोय. त्यांच्याबद्दल नंतर बोलू. आधी एका माणसाची गोष्ट ऐक. तू भिंतीवर रोनाल्डो लावला आहेस ना, त्याच्याच संघातला, पण त्याचं पोस्टर तुला कुठल्या दुकानात मिळणार नाही.

जोझे फोंते. पोर्तुगीज भाषेत 'फोंते' म्हणजे झरा. पणजीतलं फोन्ताइन्हास पाहिलंयस ना, त्याच्या नावात हाच शब्द आहे. हा झरा मात्र फार उशिरा फुटला. २२ डिसेंबर १९८३ चा जन्म, पोर्तोजवळच्या पेनाफिएलचा. बाप फुटबॉलपटू, पुढे धाकटा भाऊ रुईसुद्धा. रुई तर पोरवयातच आर्सेनलच्या अकादमीत गेला. जोझे स्पोर्टिंग लिस्बनच्या अकादमीत वाढला. म्हणजे सुरुवात झकासच होती. पण त्या अकादमीतून बाहेर पडणारा प्रत्येक जण रोनाल्डो होत नाही. हा त्यांच्या 'ब' संघापर्यंत पोचला आणि तिथेच थांबला. मग फेल्गेरासला दुसऱ्या श्रेणीत खेळला, मग व्हितोरिया सेतुबल. २००६ च्या जानेवारीत त्याला बेन्फिकाने घेतलं.

बेन्फिका! लिस्बनमध्ये यापेक्षा मोठी जर्सी नाही. त्या जर्सीत तो एकही अधिकृत सामना खेळला नाही. लोनवर, म्हणजे उसना खेळाडू म्हणून, पासोस दे फेरेरा, लोनवर एस्त्रेला दा आमादोरा, लोनवर इंग्लंडमध्ये क्रिस्टल पॅलेस. बडा घर पोकळ वासा म्हणतात तसं नव्हतं ते, घर खरोखरच मोठं होतं. पण त्यात याला खोली नव्हती. २००८ मध्ये त्याने पॅलेसशी कायमचा करार केला, इंग्लंडच्या दुसऱ्या श्रेणीत.

आता नीट वाच. जानेवारी २०१०. वय २६. स्टॉपर म्हणून जम बसलेला. त्या वेळी तो पॅलेस सोडून साउदॅम्प्टनला गेला आणि साउदॅम्प्टन तेव्हा तिसऱ्या श्रेणीत होतं. आदल्या हंगामात खाली घसरलेलं, कर्जात बुडून बाहेर आलेलं, त्या हंगामाची सुरुवातच वजा दहा गुणांनी केलेलं. हातचं सोडून पळत्याच्या पाठी, असं आपल्याकडे कुणीही म्हटलं असतं. पेनाफिएललाही एखादी पेठ असेलच.

पण तो डोळे मिटून उतरला नव्हता. साउदॅम्प्टनला नवा मालक मिळाला होता आणि संघ वर काढायचा पक्का इरादा होता. गॅरेथ बेल आणि थिओ वॉलकॉट जिथे घडले, ती अकादमी शाबूत होती. संघात पुढे रिकी लॅम्बर्ट, मध्ये ॲडम ललाना आणि मॉर्गन श्नायडरलिन. तिसऱ्या श्रेणीत ही माणसं! म्हणजे पायरी खालची होती, पण जिना वर जाणारा होता. तुला आलेल्या क्लबाबद्दल मला हेच विचारायचं आहे. जिना आहे का? का नुसतीच खालची पायरी? पगार वेळेवर होतो का, हे तिथल्या दोन जुन्या खेळाडूंना विचार, मॅनेजरला नको. तुझ्या शेजारी स्टॉपर कोण असेल ते विचार. आणि कोचला तू हवा आहेस, की त्याला फक्त उंची हवी आहे?

२०११ ला ते दुसऱ्या श्रेणीत चढले, २०१२ ला प्रीमियर लीगमध्ये. ऑक्टोबर २०१२ मध्ये फुलहॅमविरुद्ध २-२ झालं, त्यात दोन्ही गोल या स्टॉपरचे. तिसऱ्या श्रेणीत उतरल्यापासून तीन वर्षंही झाली नव्हती.

इंग्लंडच्या त्या खालच्या श्रेण्यांत हंगामाला ४६ लीग सामने असतात. कप वेगळे. तीन दिवसांत दोन सामने, ओलं मैदान, हवेतला लांब चेंडू, अंगावर झेपावणारे फॉरवर्ड. स्टॉपर असा घडतो. फॉरवर्डला एकट्याने भिंतीवर चेंडू मारून काहीतरी शिकता येतं. स्टॉपरला नाही. बचावाची लाइन कधी वर न्यायची, गोलकीपरचा आवाज गोंगाटात कसा ओळखायचा, शेजारचा पुढे गेला की आपण अर्धं पाऊल मागे कधी यायचं, हे सामन्यातच शिकावं लागतं, आणि तेही चुका करून, गोल खाऊन. काठावर बसून पोहणं येत नाही. तुझी अकरा मिनिटं मी पाहिली आहेत. त्यात तू चुकला नाहीस, कारण चेंडू तुझ्याकडे आलाच नाही.

पुढचा भाग मला सगळ्यात आवडतो. २०१४ च्या उन्हाळ्यात साउदॅम्प्टनची लूट झाली. ललाना, लॅम्बर्ट आणि स्टॉपर लोव्हरेन लिव्हरपूलला, ल्यूक शॉ मँचेस्टर युनायटेडला, चेंबर्स आर्सेनलला. सगळ्यांनी लिहिलं की हा संघ आता उतरणार. फोंते राहिला. कर्णधार झाला. त्या हंगामात संघ सातवा आला आणि ३८ सामन्यांत फक्त ३३ गोल खाल्ले. त्यापेक्षा कमी एकट्या चॅम्पियन चेल्सीने, ३२. क्लबाचा त्या हंगामाचा सर्वोत्तम खेळाडू फोंते ठरला. आणि त्याच हंगामात, १८ नोव्हेंबर २०१४ ला, ओल्ड ट्रॅफर्डवर अर्जेंटिनाविरुद्ध तो पोर्तुगालसाठी पहिल्यांदा खेळला. एकतीस पूर्ण व्हायला महिनाभर बाकी होता. आपल्याकडे त्या वयात पोरं 'आता कोचिंगचा कोर्स करू' म्हणतात.

२०१६ चा युरो, म्हणजे युरोपातल्या देशांची स्पर्धा. गटातले तिन्ही सामने पोर्तुगालने बरोबरीत सोडवले, हंगेरीशी तर ३-३. तिन्हींत फोंते बाकावर. स्टॉपर पेपे आणि ३८ वर्षांचा रिकार्दो कार्व्हाल्यो, दोघेही त्याच्यापेक्षा मोठी नावं. बाद फेरीत क्रोएशियाविरुद्ध प्रशिक्षक फर्नांदो सांतोसने कार्व्हाल्योला बसवलं आणि फोंतेला उतरवलं. तिथून अंतिम सामन्यापर्यंतचे चारही सामने तो खेळला. क्रोएशिया, पोलंड, वेल्स, फ्रान्स. चारपैकी तीन लढती जादा वेळात गेल्या आणि सगळ्या मिळून पोर्तुगालने एकच गोल खाल्ला. अंतिम सामन्यात पंचविसाव्या मिनिटाला रोनाल्डो जायबंदी होऊन बाहेर गेला, तेव्हा स्टाद द फ्रान्समध्ये नव्वद मिनिटांपेक्षा जास्त फुटबॉल शिल्लक होतं. १०९ व्या मिनिटाला पोर्तुगालच्या एदेरने गोल केला. सामनावीर पेपे. फोंतेचं नाव दुसऱ्या दिवशी आपल्या किती पेपरांत आलं असेल कोण जाणे. स्टॉपरचं असंच असतं, वाईट वाटून घेऊ नकोस.

त्याच्या शेजारी खेळलेल्यांची यादी पाहा. साउदॅम्प्टनला आल्डरवेरेल्ड, मग व्हर्जिल व्हॅन डाइक. फ्रान्समध्ये लीलला गाब्रिएल, मग स्वेन बोटमन. पहिला टॉटेनहॅमला गेला, दुसरा लिव्हरपूलला साडेसात कोटी पौंडांना, तिसरा आर्सेनलला, चौथा न्यूकॅसलला. शेजारचा पोरगा पुढे झेप घेतो तेव्हा मागे कुणीतरी जागा धरून उभं असतं, म्हणूनच त्याची झेप देखणी दिसते. २०२०-२१ ला फ्रेंच लीगमध्ये लीलने पॅरिस सेंट-जर्मेनला एका गुणाने मागे टाकून विजेतेपद घेतलं, ८३ विरुद्ध ८२. ३८ सामन्यांत २३ गोल खाल्ले. कर्णधार ३७ वर्षांचा फोंते, शेजारी २१ वर्षांचा बोटमन. तुला आज बोटमन व्हायचंय हे मला कळतं. पण फोंते होणंही वाईट नाही.

सगळंच गोड सांगत नाही. २०१७ ला तो वेस्ट हॅमला गेला, वर्षभराने चीनमध्ये दालियानला. ३४ वर्षांच्या माणसाने चीनला का जावं ते मला कळतं, तरी मला ते आवडलं नव्हतं. वाटलं, संपला. त्याच उन्हाळ्यात तो रशियातल्या विश्वचषकात पोर्तुगालच्या चारही सामन्यांत खेळला आणि तिथून लीलला गेला. माझा अंदाज असा पूर्ण फसल्याचा आनंद क्वचित होतो.

आणि दुसरी गोष्ट, ही जास्त महत्त्वाची. खालच्या लीगला गेलेले बहुतेक तिथेच राहतात. युरो जिंकणारा एखादाच. म्हणून 'खाली जा, वर येशील' असं मी तुला सांगत नाही. खाली गेलास तर खेळशील, एवढंच सांगतोय. पुढचं तुझे गुडघे, तुझा कोच आणि नशीब.

माझं सांगतो, हे पोरांना मी सहसा सांगत नाही. तेविसाव्या वर्षी मी नोकरीच्या संघात होतो. तीन हंगाम बाकावर. एका लहान संघाचा माणूस घरी येऊन विचारून गेला होता, "येताय का, रोज खेळाल." मी म्हटलं, पुढच्या वर्षी बघू. चहा पाजून त्याला वाटेला लावलं. पुढच्या वर्षी गुडघा गेला. त्याची चूक कुणाच्या माथी मारू? इस्त्रीची जर्सी मला आवडायची, एवढंच.

पेठेचं म्हणशील, तर पेठ शाहू स्टेडियमच्या गॅलरीत बसून फॉरवर्डचं नाव घेते आणि स्टॉपरला शिव्या देते. तू मोठ्या क्लबात असलास तरी देईल, छोट्या क्लबात असलास तरी देईल. फरक इतकाच की शिव्या खायलासुद्धा आधी मैदानात असावं लागतं.

उत्तर मला लगेच नको. आधी एक काम कर. युरो २०१६ चा पोर्तुगाल-पोलंड सामना मिळवून पाहा. दुसऱ्याच मिनिटाला लेवांडोव्स्कीने गोल केला. चेंडू उजव्या बाजूला सेद्रिकच्या डोक्यावरून गेला, ग्रोसित्स्कीने तो आत दिला आणि पुढे काय झालं ते तुला दिसेलच. तो गोल दोनदा पाहा, आणि दोन्ही वेळा चेंडू नको, फोंतेचे पाय पाहा. नंतर उरलेली ११८ मिनिटं पाहा. पोलंडला त्यात पुन्हा गोल मिळाला नाही. फोंतेने लाइन कुठे धरली, कधी मागे आला, पेपे पुढे गेला की त्याने काय केलं, हे वहीत मिनिटासह लिही. मोबाइलमध्ये नको, वहीत.

वही घेऊन रविवारी सहाला मैदानावर ये. पाऊस असला तरी ये. मोठ्या स्टडचे बूट आण, गेल्या वेळी सारखा घसरत होतास.

तुझा,
सर