वाचकांचे प्रश्न: कासवाच्या पाठीवरची जमीन

प्रश्न : सर, आमच्या खानापूरकडं देवळात शिरलं की आधी कासवाला हात लावून मग आत जातात. अमेरिकेतले इरोक्वॉय लोक पण पृथ्वी कासवावर आहे म्हणतात म्हणे, मग ते आपलेच का हो?
- एक वाचक, ता. खानापूर

उत्तर : नाही हो, व्हॉट्सअ‍ॅपवर काही पण फिरतं. कासव तेवढं सारखं, गोष्ट त्यांची स्वतःची. वर आकाशात एक झाड उपटलं गेलं, त्या भोकातून एक गरोदर बाई खाली पडली, खाली सगळं पाणीच पाणी, पक्ष्यांनी तिला पंखांवर झेललं आणि एका पाणउंदरानं बुडी मारून तळातला मूठभर चिखल वर आणला, तो कासवाच्या पाठीवर ठेवला, तीच जमीन. मला तर त्या उंदराचंच जास्त कौतुक वाटतं.

पुढं त्या आकाशातून पडलेल्या बाईच्या लेकीच्या देहातून मका, घेवडा, भोपळा उगवला, ह्या त्यांच्या 'तीन बहिणी', एकत्रच पेरायच्या. घेवड्याचा वेल मक्यावर चढतो, भोपळ्याची पानं ओल धरतात. आपल्याकडं जोंधळ्यात तूर टाकतात तसंच बघा.

आधी इरोक्वॉयांच्या पाच जमाती आपसात भांडायच्या, मग 'शांतिदूत' म्हणतात तो एक महापुरुष आणि त्याचा साथी हायावाथा यांनी त्यांना एकत्र आणलं, पांढऱ्या पाइनखाली शस्त्रं पुरली असं सांगतात. 1722 च्या सुमारास टस्करोरा ही सहावी जमात त्यांच्यात आली. आणि मुखिया निवडायचा, चुकला तर काढायचा पण, हा अधिकार कुळातल्या बायकांचा!