परवा म्हणजे नक्की कधी?

प्रश्न: मुलगा सध्या स्टार ट्रेक या अंतराळातल्या मालिकेच्या नादी लागलाय. तो म्हणतो त्यातल्या क्लिंगॉन नावाच्या परग्रहावरच्या लोकांच्या भाषेत भूतकाळ-भविष्यकाळ असलं काही नाहीच. मग ते काल आणि उद्या सांगतात तरी कसं? की पोरगा मला गंडवतोय? – एक आई, नाशिक

उत्तर: नाही हो, खरं सांगतोय तो. ही भाषा मार्क ओक्रँड नावाच्या भाषाशास्त्रज्ञाने स्टार ट्रेकच्याच 1984 च्या सिनेमासाठी रचली आणि 1985 मध्ये तिचा शब्दकोश व्याकरणासकट छापून आला. त्यात काळानुसार क्रियापद बदलतच नाही. 'जिरोप' म्हणजे मी आजारी, बास. 'वाखू जिरोप' म्हटलं की काल आजारी होतो, 'वालेष जिरोप' म्हटलं की उद्या आजारी असेन (हे आधी ठरवून आजारी पडणारे आपल्या ऑफिसातही असतात, ते सोडा). उच्चार मी देवनागरीत जमेल तसे लिहितेय, खरं तर 'वा' नंतर घशात आवाज तोडायचा असतो. पण तो शेवटचा 'ष' जीभ टाळूकडे वळवून म्हणायचा, आणि तिथे शाळेत पोटफोड्या ष घोटवून घेतलेल्यांचं बरं जमतं.

गंमत पुढे आहे. 'वा' म्हणजे एक, 'चा' म्हणजे दोन. 'चाखू' म्हणजे दोन दिवसांपूर्वी, 'चालेष' म्हणजे दोन दिवसांनी, वर्षांसाठी 'चाबेन' आणि 'चानेम'. आणि आपण? 'परवा येतो' आणि 'परवा आलो होतो', परवा तोच! काय ते क्रियापदावरून ओळखा, आणि समोरच्याने फोनवर नुसतं "परवा ना?" विचारलं की झाला घोळ. आमच्याकडे एकदा गॅस शेगडीवाला याच परव्यामुळे दोन दिवस आधी येऊन कुलूप बघून गेला आणि वर व्हिजिट चार्ज मागितला. क्लिंगॉन माणसाला ही सोय नाही, किंवा ही पळवाट नाही म्हणा.

प्रश्न: मी दुसऱ्या ग्रहावरची एक गोष्ट लिहितोय, तिथल्या भाषेला मी बारा काळ केलेत, तक्ता पण बनवलाय. मित्र म्हणतात कोण वाचणार हे. – एक इंजिनिअरिंगचा विद्यार्थी, सांगली

उत्तर: मित्रांचं ऐका. तक्ता ठेवा स्वतःकडे, कामाला येईल, पण वाचकाला काळ किती यापेक्षा हे लोक कशाकडे बघून बोलतात ते कळलं तर तो थांबतो. वरचीच क्लिंगॉन घ्या. काम पूर्ण झालं की क्रियापदाला 'पू' लागतो, आणि तो भूतकाळ नाही बरं का, 'उद्या तोपर्यंत मी जेवलेला असेन' यालाही तोच. पण ठरवून, हेतू ठेवून पूर्ण केलं तर 'ता'. त्यांनी त्याला मारलं, 'लुखोखपू'. त्यांनी त्याला मारायचं म्हणून मारलं, 'लुखोखता'. कोर्टात केवढा फरक पडेल बघा एका अक्षराने. चालू कामातही तसंच. क्षेपणास्त्र जवळ येतंय पण कुणावर सोडलंय माहीत नाही तर 'चोलताख', आपल्यावरच नेम धरून सोडलंय हे माहीत असेल तर 'चोल्ली'. पहिलं ऐकून माणूस खिडकीशी जातो, दुसरं ऐकून पलंगाखाली.

आणि हे काही परग्रहावरचं नाही, आपण दिवसभर हेच करतो की. 'खाल्लं', 'खाऊन टाकलं', 'खाऊन बसलो' या तिन्हीत लाडू संपलेलाच आहे, पण टाकलं मध्ये एकदाचं निकालात काढल्याचा सूर आहे आणि बसलो मध्ये मधुमेह आहे. 'बोलून गेलो' म्हणणारा तर जीभ आपली नव्हतीच असा आव आणतो. तुमचे बारा काळ बाजूला ठेवा आणि असे दोन-तीन प्रत्यय करा. एक मात्र करायलाच हवा, तो म्हणजे भूतकाळात बोलायचं भविष्यातलं काम: अंगाला साबण लावलेला आहे, टॉवेल सापडत नाहीये, आणि बाथरूममधून फोनवर ओरडायचं, "आलोच!"