अल्कोहोलविना सॅनिटायझर : हाताला सौम्य, पण खाडीला?

प्रश्न : मी मालवणात मासळी विकते. बर्फामिठाने हात फुटलेत, सॅनिटायझर लावलं की आग होते. बिनअल्कोहोलचं चालेल का?

ताई, ते कमी झोंबेल, पण विक्रीच्या वेळी त्याचा उपयोग थोडाच. या बाटल्यांत बहुतेक वेळा बेन्झाल्कोनियम क्लोराइड नावाचं जंतुनाशक असतं, साधारण 0.1 ते 0.13 टक्के. हाताला रक्त, खवले, मासळीचा बुळबुळीतपणा असला की ते त्यातच अडकतं आणि जंतूंवर त्याचा जोर चालत नाही. मळक्या हातावर अल्कोहोलही कमीच पडतं. तुम्हाला साबण आणि पाणीच हवं, नखांच्या कडांसकट निदान 20 सेकंद. साबण पुरता न धुता वरून हे सॅनिटायझर मात्र लावू नका. साबणाचा अंश त्याला निकामी करतो. रात्री हात कोरडे करून भेगांवर मुठेल, म्हणजे कोकमतेल, जरा गरम करून चोळा. घरचं कोकमतेल असताना महागडं क्रीम कशाला? भेगेत पू किंवा सूज दिसली तर डॉक्टरांना दाखवा.

प्रश्न : तारकर्लीत आमचा होमस्टे आहे. 'निसर्गस्नेही, अल्कोहोलमुक्त' असं लिहिलेली बाटली पाहुण्यांसाठी ठेवतो. ती खरंच तशी असते का?

पुढचं लेबल सोडा, मागचं वाचा. अल्कोहोल हातावरून उडून जातं. बेन्झाल्कोनियम उडत नाही. हात धुतले की पाण्याबरोबर जातं, गाळाला चिकटतं, आणि शेवाळ, कोळंबीच्या जातीचे बारीक जीव, मासे यांना ते थोड्या प्रमाणातही विषारी असतं. हातावरच्या दोन थेंबांनी खाडी मरणार नाही. पण लाद्या पुसायच्या अनेक जंतुनाशकांत याच जातीची रसायनं असतात आणि ती बादलीने ओतली जातात. आधी तिथे हात आखडा, कारण शौचटाकीत मैला कुजवणारे जिवाणूही त्यांनी मरतात, आणि आपल्याकडे टाकी, वाळू अन् विहीर एकाच परसात असतात. जुनी बाटली व्हाळात, म्हणजे ओढ्यात, रिकामी करू नका. बिनअल्कोहोलचाच दुसरा प्रकार, हायपोक्लोरस आम्लाचं सॅनिटायझर, त्वचेला आणि पाण्याला बरंच सौम्य, मात्र उन्हात लवकर निकामी होतं. सावलीत ठेवा, मुदत बघा. माझं मत विचाराल तर पडवीशेजारी नळ आणि साबण ठेवा.

प्रश्न : काजू फोडताना हाताला लागलेलं तेल सॅनिटायझरने निघेल का?

नाही. टरफलाचं ते तेल कातडी भाजतं. हातमोजे घाला, नसतील तर आधी हाताला एरंडेल किंवा खोबरेल लावा, नंतर साबणाने भरपूर धुवा.

प्रश्न : सासूबाई रत्नागिरीत रुग्णालयात आहेत. तिथे कोणतं वापरू?

तिथे अल्कोहोलचंच, किमान 60 टक्क्यांचं. जागतिक आरोग्य संघटनेच्या सूत्रात 80 टक्के इथेनॉल किंवा 75 टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल असतं, आणि हात कोरडे पडू नयेत म्हणून 1.45 टक्के ग्लिसरीन. तेव्हा ग्लिसरीन असलेलीच बाटली घ्या. त्यांना जुलाब-उलट्या होत असतील तर मात्र साबणानेच हात धुवा; त्या आजारांचे काही विषाणू अल्कोहोललाही दाद देत नाहीत.