कॅमेरा कपाटातून बाहेर काढा

फोंड्याच्या एका वडिलांचं पत्र आहे. मुलीला बारावी विज्ञानात 72 टक्के, नीटमध्ये दोनदा अपयश. तिला फॅशन शोच्या पडद्यामागचे फोटो आणि माहितीपट करायचे आहेत. तिसरी नीट होईपर्यंत वडिलांनी कॅमेरा कुलपात ठेवला आहे.

सप्रेम नमस्कार.

तो कॅमेरा आजच बाहेर काढा. गोव्याच्या पावसात बंद कपाटात लेन्सला बुरशी धरते आणि काचेवरचं कोटिंग कायमचं खराब होतं. हवाबंद डब्यात सिलिका जेल घाला, कॅमेरा त्यात ठेवा आणि डबा मुलीच्या ताब्यात द्या.

तिच्या गुणांची मला चिंता नाही, तुमच्या पत्राची आहे. त्यात ‘नातेवाईक काय म्हणतील’ चार वेळा आलंय. तिने आजवर काय टिपलं, ते एकदाही नाही. तुम्ही ते पाहिलंय का? आवडीचं काम शिक्षा म्हणून काढून घेतल्याने मुलं जास्त अभ्यास करत नाहीत, घरात बोलायची थांबतात. डॉक्टर व्हायचंय का, हे तिला सरळ विचारा. ‘नाही’ म्हणाली तर तिसरा अर्ज भरू नका.

बारावीनंतर निफ्ट या राष्ट्रीय फॅशन संस्थेचा फॅशन कम्युनिकेशन अभ्यासक्रम किंवा पणजीत आल्तिनोला असलेलं गोवा कला महाविद्यालय; पदवीनंतर पुण्याची एफटीआयआय, म्हणजे चित्रपट शिकवणारी संस्था. मार्ग सरळ आहेत.

‘मॉडेलच्या मागे कॅमेरा घेऊन फिरायचं, त्यात शिकायचं काय?’ असं तुम्ही विचारता. ग्रीनरूममध्ये आरशाचे दिवे पिवळे, छताच्या ट्यूब निळसर. व्हाइट बॅलन्स, म्हणजे पांढरा रंग पांढराच दिसावा यासाठीचं सेटिंग, ऑटोवर ठेवलं तर एकाच शॉटमध्ये चेहऱ्याचा रंग बदलतो. ते सेटिंग हाताने पक्कं करावं लागतं. आपली वीज 50 हर्ट्झची, म्हणून व्हिडिओ सेकंदाला 25 फ्रेमवर आणि शटर 1/50 सेकंदावर, नाहीतर दिवे लुकलुकतात. सायलेंट, म्हणजे आवाज न करणाऱ्या इलेक्ट्रॉनिक शटरने फोटो काढले तर एलईडीखाली आडवे पट्टे येतात. मेकअप चालू असताना फ्लॅश नाही, म्हणून भरपूर उजेड आत घेणारी 35 मिमीची एफ 1.8 लेन्स आणि चढा आयएसओ, म्हणजे कॅमेऱ्याची प्रकाशाची संवेदनक्षमता वाढवलेली. हेअर ड्रायरच्या आवाजात बोलणं हवं तर माइक बोलणाऱ्याच्या कॉलरला. शिवाय शो होईपर्यंत एकही फोटो बाहेर जाता कामा नये. यातलं एक चुकलं तरी तो क्षण परत मिळत नाही.

आता तिच्यासाठी. फॅशन वीकच्या पासमागे आत्ता धावू नकोस. गावच्या जत्रेच्या नाटकाचा रंगपट गाठ. तीच घाई, तेच मिश्र दिवे, दोन प्रवेशांच्या मधे तोच वेषबदल. कपडेपट सांभाळणाऱ्या एकाच माणसामागे राहा: इस्त्री, तुटलेलं बटण, ऐनवेळी सैल झालेला शेला. मंडळाची आणि प्रत्येक नटाची लेखी परवानगी घे. कपडे बदलायच्या जागेत कॅमेरा बंद, परवानगी असली तरी. निघण्याआधी खोलीचा नुसता आवाज 30 सेकंद रेकॉर्ड कर. संकलनात जोड लपवायला तोच लागतो. दोन डिस्कवर कॉपी झाल्याशिवाय कार्ड पुसायचं नाही.

वडील म्हणून रात्रीच्या कामाची तुमची काळजी मात्र रास्त आहे. कामाचे तास आणि परतीची गाडी आधी लेखी ठरवून घ्यायला तिला शिकवा. पहिल्या नाटकाला तुम्हीच सोडायला जा, पण बाहेर प्रेक्षकांत बसा. पाच मिनिटांची फिल्म झाली की ती आधी तुम्ही पाहा. प्रवेशाच्या मुलाखतीला तीच दाखवता येईल.